हरकत नाही

"हळू गं," तो म्हणाला, आणि जयाच्या हातातली सुई शिरेच्या तोंडाशी क्षणभर थांबली.

कर्जतच्या बाजारातल्या त्या छोट्या लॅबमध्ये सकाळच्या वेळी ती माणसांचे चेहरे बघत नसे. रक्त द्यायला उपाशीपोटी आलेल्यांची रांग असे, ती 'पुढचे' म्हणे आणि समोर येईल तो हात उशीवर ठेवून घेई. एकतीस वर्षांत तिला हातांचीच सवय झाली होती. त्या दिवशी समोर आलेला हात सुजलेला होता. अंगठ्यानं दाबलं तर खड्डा पडून तसाच राहत होता आणि शीर काही लागत नव्हती. तिनं पट्टा बांधला, मूठ आवळा म्हणाली, कोपराच्या आतल्या बाजूला बोटाच्या टोकानं चाचपत राहिली, आणि चाचपता चाचपता तिची नजर चिठ्ठीवर गेली. पद्माकर धाकलू, वय एकोणसाठ, राहणार कुंभिवली. तिनं मान वर केली नाही. तोंडावर मास्क होता, केस टोपीत होते, आपल्याला ओळखलं नसेल असं तिनं ठरवून टाकलं. तेवढ्यात ते 'हळू गं' आलं. अनोळखी बाईला माणूस 'ताई, जरा हळू' म्हणतो. 'गं' म्हणत नाही. तिनं सुई घातली, नळीत रक्त आलं, दुसरी नळी लावली, तीही भरली. कापूस दाबून धरा, एवढं ती म्हणाली आणि आपला आवाज आपल्यालाच परका वाटला. तो कापूस दाबून थोडा वेळ बसला, मग उठला, खाली बघत चप्पल पायांत घालू लागला. चप्पल पावलावर चढत नव्हती. शेवटी टाचा बाहेर ठेवूनच तो काचेचा दरवाजा ढकलून गेला. सात वर्षांत पदूदादा, तिचा सख्खा भाऊ, तिच्याशी बोललेले हे पहिले दोन शब्द. ती 'पुढचे' म्हणायला विसरली, तेव्हा रांगेतली बाई आपणहूनच येऊन बसली.

दावा तिनंच लावला होता. त्याआधी कुंभिवलीच्या त्या जमिनीचा तिनं कधी विचारही केला नव्हता. वडील गेले, नंतर आई, अंबाबाई, गेली. जया दहा दिवस माहेरी राहिली, परत कर्जतला आली, आणि भाताचं एक पोतं दरवर्षी पदूदादाकडून येत राहिलं, तेवढंच माहेर. मग एकदा कुंभिवलीहून रक्त द्यायला आलेल्या एका माणसानं सहज सांगितलं, तुमच्या दादाची हायवेलगतची जमीन गोडाऊनवाले बघून गेले. 'तुमच्या दादाची' हे तिच्या कानात राहिलं. तिनं मोबाईलवर सातबारा काढला, मग तलाठ्याकडे जाऊन वारसनोंदीची जुनी फाईल मागितली. त्यात एक प्रतिज्ञापत्र होतं. मयत धाकलू यांस पत्नी अंबाबाई व मुलगा पद्माकर यांखेरीज अन्य वारस नाही. खाली आईचा अंगठा, आणि पदूदादाची ती गोल गोल अक्षरांतली सही. तलाठ्याच्या टेबलासमोर उभ्या उभ्या तिनं ते वाचलं, आणि जिना उतरताना अजून एक पायरी आहे असं वाटून पाय टाकावा आणि ती नसावी, तसं तिला झालं. त्याच दिवशी ती कुंभिवलीला गेली. तो पडवीत बसला होता. त्यानं ऐकून घेतलं आणि म्हणाला, "बानं तुज्या लग्नात केलं नाय काय? आता जमिनीत पन वाटा पायजे?" ती म्हणाली, "वाट्याचं नंतर बघू दादा. मी नाय, असं का लिवलंस?" माहेरच्या अंगणात पाय ठेवला की तिची भाषा आपोआप तिथली होई. त्यानं आत बघून सुरेखावहिनीला चहा टाकायला सांगितला. चहा येईपर्यंत ती थांबली नाही. त्यानं तेव्हा उत्तर दिलं असतं, अगदी भांडून का होईना, तर पुढचं काही झालं नसतं असं तिला अजून वाटे. तिच्या नवऱ्याला जाऊन तेव्हा वर्ष झालं होतं, मुलगी समिधा पुण्याला शिकत होती. संध्याकाळी रिकाम्या घरात ते वाक्य तिच्याबरोबर जेवायला बसायचं. अन्य वारस नाही. दोन महिन्यांनी तिनं वकील गाठला.

खालापूरच्या कोर्टात निकाल तिच्या बाजूनं लागला, निम्मा हिस्सा. पदूदादानं पनवेलच्या जिल्हा कोर्टात अपील केलं, आणि त्यालाही आता चार वर्षं झाली होती. तारखेच्या दिवशी जया सकाळची एसटी धरून चौक गावावरून पनवेलला जाई. कोर्टात तो पुढच्या बाकावर बसे, ती मागच्या, म्हणजे चार वर्षं ती भावाला पाठमोराच बघत आली होती. ती पाठ तिला तोंडपाठ होती. लॅबचा कोर्स करायला ती पनवेलला जाई तेव्हा पदूदादा तिला सायकलच्या कॅरियरवर बसवून गावातून हायवेच्या थांब्यापर्यंत सोडायचा. कॅरियरची सळई टोचू नये म्हणून त्यावर गोणपाट घडी करून बांधलेलं, आणि समोर दीड वर्ष रोज त्याची पाठ, घामानं शर्ट चिकटलेली. तो स्वतः दहावीला दोनदा नापास होऊन शाळेतून सुटला होता. तिच्या पुस्तकांची पिशवी तो हँडलला अडकवायचा आणि एसटी सुटेपर्यंत उभा राहायचा. एकदा एसटी आलीच नाही तर तसाच पुढं चौकापर्यंत सायकल हाणत गेला, सबंध वाटेत एक शब्द न बोलता, आणि तिला उतरवून म्हणाला, "जा, लेट नको होवू." हे सगळं ज्या माणसानं केलं त्यानंच ते लिहिलं, या दोन गोष्टी तिला एका जागी ठेवता येत नव्हत्या. खालापूरला त्याची उलटतपासणी झाली होती, त्याची नक्कल तिच्या कपाटात होती. त्यात कोर्टाच्या भाषेत लिहिलं होतं, हे म्हणणे खरे आहे की वादी जया ही माझी सख्खी बहीण आहे. तारखेला जाताना ती बरी साडी नेसे. समिधा फोनवर हसून म्हणायची, "आई, कोर्टात चाललीस की लग्नाला?" जयाला ते लागायचं, कारण तारीख जवळ आली की तिला जी हुरहूर वाटे ती निकालाची नसे. अपील संपलं की या माणसाला बघायला आपल्याकडे काही कारण उरणार नाही, हे तिनं कुणाला सांगितलं नव्हतं.

रिपोर्ट संध्याकाळी मशीनमधून निघाला. क्रिएटिनिन सात पूर्णांक नऊ. हिमोग्लोबिन साडेसहा. तिनं नमुना पुन्हा लावला, आकडा तोच आला. लॅबचे डॉक्टर म्हणाले, "पेशंटला फोन करा, लगेच. हा माणूस चालत आला कसा?" चिठ्ठीवरचा नंबर बंद होता. ज्या डॉक्टरांनी पाठवलं होतं ते गावाला गेले होते. दुसऱ्या दिवशी रिपोर्ट न्यायला कुणी आलं नाही. जयानं दिवसभर दरवाजाकडे बघितलं. दरवाजा उघडला की तिचा हात आपोआप ट्रेमधल्या त्या पाकिटाकडे जाई. कुंभिवलीला जाऊन यावं असं तिला दोनदा वाटलं, दोनदा तिनं पर्स उचलून परत ठेवली. सात वर्षांपूर्वी ज्या अंगणातून ती चहा न घेता निघाली होती तिथं आता उभं राहून काय म्हणायचं, याचं वाक्य तिला जुळवता येईना. आणि उद्या तारीख होतीच. उद्या तो येईलच. तिनं पाकीट पर्समध्ये घातलं. आपण एक दिवस वाया घालवतोय हे तिला त्या वेळीही कळत होतं. पुढं कितीतरी दिवस तो एक दिवस तिला बोचत राहिला.

पनवेलला कोर्टाच्या पायऱ्यांवर तिच्या वकील विनिता मॅडम उभ्या होत्या. तरुण, तडफदार बाई, जयाची केस त्यांनी आपली म्हणून लढवली होती. "आज युक्तिवाद उरकायचाच, जयाताई," त्या म्हणाल्या. "ते परत तारीख मागणार. मी अजिबात सोडणार नाही." जया हो म्हणाली. आत पदूदादा आज पुढच्या बाकावर नव्हता. तो भिंतीलगतच्या बाकावर टेकून बसला होता, शेजारी सुरेखावहिनी, आणि पहिल्यांदाच त्याचा चेहरा जयाला समोरून दिसत होता. डोळ्यांखाली सूज होती, रंग पिवळट मातकट झाला होता, शर्टाची कॉलर मानेभोवती सैल पडली होती. रोज शंभर माणसं बघणाऱ्या तिला ते वाचायला आकडा लागला नसता. परवा हात बघितला तेव्हा चेहरा का बघितला नाही, असं तिच्या मनात आलं. पुकारा झाला. त्याचे म्हातारे वकील उठून म्हणाले, अपिलार्थी आजारी आहेत, पुढची तारीख मिळावी. विनिता मॅडम लगेच उभ्या राहिल्या. "सर, ही सहावी तारीख. मागच्या वेळी वकीलसाहेब आजारी होते, त्याआधी कागद सापडत नव्हते. आज म्हणे पक्षकार आजारी. डॉक्टरांचा साधा दाखलासुद्धा जोडलेला नाही. आजारपणाचं नुसतं निमित्त आहे." न्यायाधीशांनी म्हाताऱ्या वकिलांकडे बघितलं. "दाखला आहे का?" नव्हता. जयाचा हात पर्सवर होता आणि पाकिटाची कडा तिला कापडातून लागत होती. तो कागद तिचा नव्हता. तो पदूदादाचा होता, त्यानं अजून वाचलाही नव्हता, आणि तो इथं सगळ्यांसमोर काढायचा हक्क तिला नव्हता. आपल्याला खोटारडा म्हटलं जातंय आणि ते आपल्याला चालतंय, असा पदूदादा खाली बघत होता. कदाचित तोही स्वतःशी हेच म्हणत असेल, की काही नाही, निमित्त आहे. जया उभी राहिली. उभी राहिल्यावरच तिला कळलं.

"साहेब, त्यांना तारीख द्या."

"बाई, तुमचे वकील बोलतायत ना? कोण तुम्ही?"

"समोरची पार्टी," ती म्हणाली, आणि मग, "बहीण त्यांची."

विनिता मॅडम वळून तिच्याकडे बघत राहिल्या. न्यायाधीशांनी चष्मा काढला. "ते आजारी आहेत हे तुम्हाला कसं माहीत?"

"पाय बघा त्यांचे साहेब. इथून दिसतात."

कोर्टातली सगळी माणसं, शिपाईसुद्धा, पदूदादाच्या पायांकडे बघू लागली. त्यानं ते बाकाखाली ओढून घेतले, अर्ध्या चपलांसकट. न्यायाधीश थोडं पुढं झुकले होते, ते मागं टेकले. "रिस्पॉन्डन्टची हरकत नाही असं लिहू?"

"लिहा. हरकत नाही."

बाहेर आल्यावर विनिता मॅडमचा आवाज चढला नव्हता, पण त्यात राग होता. "जयाताई, केस तुमची आहे की त्यांची?" जया म्हणाली, "माझीच आहे. वाटा मी सोडलेला नाही मॅडम. सोडणारही नाही." मग ती आवारातल्या बाकड्याकडे गेली, जिथं सुरेखावहिनी पदूदादाला पाणी देत होती, आणि तिनं पाकीट त्याच्या हातात दिलं. "रिपोर्ट न्यायला का नाय आलास?" त्यानं ते उघडलं नाही, उलटसुलट करून बघितलं. "काय लिवलंय?" "किडनीचं हाय." "बऱ्या हायत काय?" "नाय." सुरेखावहिनी बाटलीचं झाकण लावायची थांबली. "मला बोलले, पायाला मुका मार लागलाय," ती म्हणाली. "महिना झाला असंच बोलतात." पदूदादा म्हणाला, "तुज्या लॅबमधी मुद्दाम आलो मी. लोक बोलतात, तू दुखवत नाय." आणि मग, इतका वेळ धरून ठेवलेलं काहीतरी सुटल्यासारखा, तो लहान आवाजात म्हणाला, "जया, मला भ्या वाटतंय गं." तिनं रिक्षा बोलावली. त्याच दुपारी त्याला पनवेलच्या दवाखान्यात दाखल केलं, आणि फॉर्मवर 'नातेवाईक' लिहिलेल्या रकान्यात, सुरेखावहिनीनं पेन तिच्याकडं दिलं म्हणून, जयानं सही केली.

त्यानंतर आठवड्यातून दोनदा खोपोलीला डायलिसिस सुरू झालं. त्यातला एक वार गुरुवार, आणि जयानं लॅबमधली सुट्टी रविवारऐवजी गुरुवारी घेतली. चार तास तो खुर्चीत पडून असे आणि ती शेजारी स्टुलावर. पहिले काही आठवडे ते बोलण्यासारखं काही बोलले नाहीत. या वर्षी भात कसं आहे, समिधाला नोकरी लागली का, त्या पलीकडच्या माणसाला किती वर्षं झाली असतील. तिला ते पुरत होतं. मशीनचा एकसुरी आवाज, थंडगार खोली, त्याच्या अंगावरची चादर ती नीट करी आणि नवी नर्स आली की बजावे, "या हाताला बीपीचा पट्टा नाही लावायचा, डायलिसिसच्या सुईसाठी फिस्टुला केलाय." पुढच्या तारखेला जाऊन तिनंच पुन्हा 'हरकत नाही' म्हटलं होतं. अपील होतं तिथंच होतं, आणि ते त्या खोलीत तिसऱ्या माणसासारखं त्यांच्यामध्ये बसलेलं असे. एका गुरुवारी छताकडे बघत तो म्हणाला, "आपील मागं घेतो मी." तिनं चादरीवरचा हात काढून घेतला, आणि तिला स्वतःचंच आश्चर्य वाटलं, कारण आनंद झाला नव्हता. "मी कोर्टात उभी ऱ्हायले म्हनून घेनार असशील तर नको," ती म्हणाली. "तू आजारी व्हतास, मी आजारी म्हनाले. त्याच्यासाठी जमीन नको मला." मशीन दोनदा वाजलं, नर्स येऊन बटण दाबून गेली.

"तो वारसाचा कागद," तो म्हणाला. "तलाठ्यानं इचारलं, भैन हाय काय. मी नाय बोललो."

"का?"

"आता काय सांगू. त्यानं इचारलं आनि तोंडातून नाय निंगालं. हाय बोललो असतो तर तुला बोलवायला लागलं असतं, सह्या, दाखले, परत येरझारा. वाटलं, ती आता कर्जतची झाली, तिला कशाला. आनि जमीन सगळी मिळंल, ह्ये पन व्हतं मनात. नाय कशाला बोलू. आयेला सांगितलंच नाय, नुसता अंगठा घेतला. मंग तू इचारायला आलीस तवा शरम वाटली. शरम वाटली म्हनून चहा सांगितला."

इतकी वर्षं जया त्या वाक्यामागं काहीतरी मोठं कारण शोधत होती. सुरेखावहिनीनं भरवलं असेल, आपल्या हातून लहानपणी काही घडलं असेल, आईलाच आपण नकोशा झालो असू. रात्र रात्र तिनं आईच्या अंगठ्याच्या त्या निळ्या ठशाचा विचार केला होता. आणि कारण एवढंसं निघालं, आळस, थोडी हाव, मग शरम. तिला रडू येईल असं वाटलं पण आलं नाही. राग गेला असंही झालं नाही. पण आजवर तो एका कागदावर होता आणि आता तो या खुर्चीतल्या माणसावर आला, आणि माणसावरचा राग तिला पेलता येत होता. "आईला ठाऊक नव्हतं ना?" तिनं खात्रीसाठी विचारलं. "नाय गं. तिला कळलं असतं तर घरात घेतलं नसतं मला." तेव्हा मात्र तिनं स्टूल जरा मागं सरकवलं, उठून खिडकीपाशी गेली आणि पाठमोरी उभी राहिली. थोड्या वेळानं परत येऊन म्हणाली, "घे मागं मग."

अपील मागं घेतल्याची पुरसिस, म्हणजे कोर्टाला द्यायची लेखी सूचना, दाखल झाली, खालापूरचा हुकूमनामा कायम झाला, कागद वाटपासाठी वरून खाली आले. मोजणीची तारीख मिळाली ती दिवाळीनंतरची, भात कापून झालेलं होतं. गुरुवार होता. मोजणीवाला वेळेवर येतो म्हणाला आणि बारा वाजता आला. तरुण पोरगा, तिकाटण्यावर यंत्र लावून तो खोडव्यातून इकडून तिकडं फिरत होता, त्याच्या मागं दगड घेऊन दोन माणसं. पदूदादा बांधावर प्लॅस्टिकच्या खुर्चीत बसला होता, डोक्याला टॉवेल. पूर्वेकडचे दोन दगड बसले, मधला बसला. जया प्रत्येक दगडापाशी उभी राहत होती, पहारीनं माती उकरताना बघत होती, दगड थोपटून बसवला की एकदा त्यावर तळवा टेकत होती. ही रेघ ओढली जावी म्हणून ती सात वर्षं एसटीत बसली होती. दोन वाजून गेले. हायवेकडचा शेवटचा दगड राहिला होता, तोच महत्त्वाचा, रस्त्यालगतची बाजू कुणाकडं किती जाते ते त्यावर होतं, आणि पोरगा म्हणाला, अजून पाऊण तास तरी लागेल, यंत्राला सिग्नल मिळत नाहीय. तेवढ्यात रिक्षा येऊन थांबली. तीनला खोपोलीला डायलिसिसची खुर्ची मिळायची होती, उशीर झाला की दुसऱ्याला देतात.

"तू थांब," पदूदादा म्हणाला. "मी जातो. नेहमीचंच हाय." तो खुर्चीच्या हातावर जोर देऊन उठला, दोन पावलं चालला आणि बांधाच्या कडेला उभा राहिला, जणू पुढं उतार किती आहे याचा अंदाज घेत असावा. सकाळपासून तो उन्हात बसला होता. जयानं एकदा हायवेकडं बघितलं, जिथं दोन माणसं पहार टेकून यंत्राची वाट बघत होती, आणि पदरानं तोंड पुसलं.

"वहिनी, तुमी थांबा हितं."

"मी?" सुरेखावहिनी म्हणाली. "मला काय कळतंय त्यातलं?"

"दगड नीट पुरतायत ते बघा फक्त."

मोजणीवाला यंत्रावरून मान काढून म्हणाला, "ताई, हद्द तुमची आहे. तुम्ही थांबायला पाहिजे. नंतर लोक येतात, दगड इकडं घातला, तिकडं घातला म्हणतात."

"मी नाही म्हणणार," जया म्हणाली. तिनं पदूदादाचा दंड धरला, फिस्टुला नसलेल्या बाजूचा, आणि दोघं खोडवी तुडवत हळूहळू रिक्षापर्यंत आली. रिक्षा कच्च्या रस्त्यानं हेलकावे खात निघाली. त्याच्या बाजूनं ऊन येत होतं, तिनं त्याच्या डोक्यावरचा टॉवेल कानावर ओढून घेतला. तो तिच्याकडं बघत होता.

"बगून तरी निंगायचं व्हतं," तो म्हणाला.

"येताना बघू."

"येताना अंधार पडंल."

"मग उद्या," ती म्हणाली, आणि रिक्षावाल्याला म्हणाली, "जरा खड्डे बघून घ्या, दादांना त्रास होतो."